गर्टी श्वास घेते

काल रात्री घरातले सगळे झोपल्यावर परत एकदा 'गर्टी द डायनासोर' बघितली. १९१४ सालची मूक कार्टून फिल्म, म्हणजे आपल्या दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' येऊन जेमतेम वर्ष झालं होतं तेव्हाची. कितव्यांदा बघितली ते आता आठवत पण नाही, पण दरवेळी माझी नजर तिथेच जाते, गर्टी काही विशेष करत नसते ना तेव्हासुद्धा तिचं अंग हळूहळू वरखाली होत असतं. श्वास घेतेय ती!

विन्सर मॅके हा अमेरिकेतल्या पेपरात चित्रं काढणारा माणूस, 'लिटल नीमो' या चित्रकथेच्या रविवारच्या रंगीत पानांमुळे आधीच फेमस. त्याने काय केलं तर समोर घड्याळ ठेवून स्वतः श्वास घेतला, सोडला, वेळ मोजला आणि त्या हिशोबाने चित्रं काढली. हजारो चित्रं, पातळ राइस पेपरवर, आणि पारदर्शक सेलची (म्हणजे मागचं चित्र एकदाच काढून त्यावर ठेवायच्या पारदर्शक पानांची) सोय तो तेव्हा वापरत नव्हता त्यामुळे मागचे डोंगर, तळं, झाड प्रत्येक कागदावर पुन्हा काढायचं! ते काम फिट्झसिमन्स नावाच्या त्याच्या तरुण मदतनीसाने केलं. फिल्ममध्ये दगडांच्या रेषा सारख्या थरथरतात ना, त्या त्याच्या हाताच्या. मला त्या फार आवडतात, कोणी रिस्टोअर करताना त्या स्थिर करू नयेत असं मनापासून वाटतं.

मुळात हा स्टेज शो होता. मॅके हातात चाबूक घेऊन पडद्याशेजारी उभा राहायचा, गर्टीला हुकूम सोडायचा, ती ऐकायची किंवा नाही ऐकायची, रागावला की चक्क रडायची, मग तो सफरचंद फेकल्यासारखं करायचा आणि पडद्यावर ती ते झेलायची. शेवटी तो स्वतः पडद्यामागे जायचा आणि त्याच क्षणी चित्रातला मॅके आत येऊन तिच्यावर स्वार व्हायचा. लोकांना काय वाटलं असेल तेव्हा!

पण त्याचा मालक, पेपरवाला हर्स्ट, त्याला हे शो आवडेनात, त्याने त्यावर बंधनं आणली. मग थिएटरसाठी वेगळी फिल्म केली, सुरुवातीला मित्रांशी पैज लावल्याचा सीन जोडून. आज आपण बघतो ती हीच. मॅके बोलायचा तिथे आता पडद्यावर लिहिलेल्या संवादांच्या पाट्या येतात.

मी मोबाईलवर म्युझिक बंद करून बघते, पाटी आली की ती मोठ्याने वाचते आणि मग गर्टी मान वळवते.