दहा यार्डांवरची भिंत

आमच्या फुटबॉल अकादमीत अठरा वर्षांखालच्या मुलांचं त्या दिवशीचं सत्र फक्त थेट फ्री किकचं होतं, म्हणजे जिच्यावर सरळ गोलमध्ये मारता येतं अशा किकचं, आणि अभ्यासाला खेळाडू एकच घेतला होता, जपानचा मिडफिल्डर शुन्सुके नाकामुरा. अकादमीत माझं काम व्हिडिओ विश्लेषणाचं. सकाळी वर्गात क्लिप दाखवायच्या, मग मैदानात टेपनं अंतरं मोजून चेंडू मांडायचे आणि दुपारी मुलांच्या स्वतःच्या किक पडद्यावर लावायच्या, असा क्रम ठरलेला. सत्र लक्षात राहिलं ते मैदानातल्या एका निकालामुळे. किकच्या वाटेत बचावपटू ओळीनं उभे राहतात ती भिंत; सरावात त्यांच्या जागी माणसाच्या आकाराच्या डमी असतात. गोलपासून २७ मीटरवर ठेवलेला चेंडू मुलं भिंतीवरून बऱ्यापैकी काढत होती. तोच चेंडू २० मीटरवर आणला आणि एकामागून एक किक डमींच्या डोक्यावर आपटायला लागल्या. मुलं चक्रावली. अंतर कमी झालं म्हणजे काम सोपं झालं, असंच सगळ्यांनी धरलं होतं.

नाकामुराला निवडण्याचं कारण त्याच्या कारकिर्दीतच आहे. योकोहामाचा मुलगा, जन्म २४ जून १९७८. तिथल्याच मारिनोस क्लबच्या ज्युनियर संघात वाढला, पण वरच्या युवा संघात त्याला घेतलं नाही, कारण त्या वयात तो लहानखुरा होता. मग तोको गाकुएन हायस्कूलकडून खेळला, राष्ट्रीय शालेय स्पर्धेत संघ उपविजेता ठरला आणि १९९७ मध्ये त्याच मारिनोसनं त्याला व्यावसायिक करार दिला. २००० मध्ये तो जे-लीगचा, म्हणजे जपानच्या व्यावसायिक लीगचा, सर्वोत्तम खेळाडू झाला. दोन वर्षांनी वर्ल्ड कप घरच्याच मैदानांवर होता आणि जपानचे प्रशिक्षक फिलिप त्रूसिए यांनी त्याला संघातून वगळलं. त्याच उन्हाळ्यात तो इटलीत रेजिना क्लबकडे गेला. वेग त्याचं अस्त्र कधीच नव्हतं, अंगाची ताकदही नाही. ज्याच्याकडे हे दोन्ही नाही अशा मिडफिल्डरनं पंचवीस वर्षं व्यावसायिक फुटबॉल खेळायचा, तर डाव्या पायाचा प्रत्येक स्पर्श चोख हवा. थांबलेल्या चेंडूवर हा चोखपणा मोजता येतो, म्हणून शिकवायलाही तोच सोपा.

वर्गात पहिली क्लिप होती २० जून २००३ ची. सेंट-एतियेनमध्ये कॉन्फेडरेशन्स कप, समोर फ्रान्स, गोलमध्ये फाबियां बार्तेज. जपान तो सामना १-२ असा हरला, पण जपानचा एकमेव गोल नाकामुराच्या फ्री किकचा होता. दुसरी क्लिप १३ सप्टेंबर २००६, ओल्ड ट्रॅफर्ड. प्रशिक्षक गॉर्डन स्ट्रॅकन यांच्या सेल्टिकचा, म्हणजे नाकामुराच्या तेव्हाच्या स्कॉटिश क्लबचा, हा चॅम्पियन्स लीगमधला सामना, मँचेस्टर युनायटेडविरुद्ध. ४३ व्या मिनिटाला नाकामुराच्या फ्री किकनं २-२ अशी बरोबरी झाली. शेवटी युनायटेड ३-२ नं जिंकलं. तिसरी क्लिप २१ नोव्हेंबर २००६, ग्लासगो, तेच दोन संघ. ८१ वं मिनिट, गोलफलक कोरा, चेंडू गोलपासून सुमारे ३० यार्डांवर, म्हणजे साधारण २७ मीटर. गोलमध्ये दोन्ही वेळेला युनायटेडचा एडविन व्हान डेर सार, उंची १.९७ मीटर. चेंडू भिंतीवरून गेला आणि वरच्या कोपऱ्यात शिरला. शेवटच्या मिनिटांत सेल्टिकचा गोलकीपर आर्तुर बोरुत्सनं युनायटेडच्या लुई साहाची पेनल्टी अडवली, सेल्टिक १-० नं जिंकलं आणि चॅम्पियन्स लीगच्या बाद फेरीत पहिल्यांदाच पोचलं.

ही तिसरी किक मुलांना अशक्य वाटत होती, कारण अंतर. मला तीच आधी मैदानावर करून घ्यायची होती.

मांडणी अशी होती. भिंत नियमाप्रमाणे ९.१५ मीटरवर, म्हणजे दहा यार्डांवर. डमी साध्या ठेवल्या तर सरावाला अर्थ राहत नाही, कारण सामन्यात भिंत उडी मारते; १.८५ मीटरचा माणूस उडाला की डोकं २.३० मीटरच्या आसपास जातं. म्हणून डमींखाली लाकडी चौकटी देऊन माथा २.३० वर आणला. चेंडूचा दाब गेजवर ०.८ बार, सगळ्या चेंडूंना सारखा. हे बारीक वाटतं, पण एक चेंडू ०.६ आणि दुसरा १.१ असेल तर मुलाला आपल्या पायाची चूक कळतच नाही. दोन्ही दाब नियमात बसतात आणि दोन्ही चेंडू पायाला वेगळे लागतात.

२७ मीटरचं झाल्यावर चेंडू २० वर आणला आणि वर म्हटलं तो प्रकार सुरू झाला. फळ्यावर आकडे मांडले. हवेचा विरोध आणि फिरकी तूर्त बाजूला ठेवू. चेंडू गोलरेषेवर २.२० मीटर उंचीवर यायला हवा, म्हणजे आडव्या दांड्याखाली. दांड्याची खालची कड २.४४ वर असते. भिंतीपाशी चेंडूचा मध्य किमान २.४१ मीटरवर हवा, कारण माथा २.३० आणि चेंडूची त्रिज्या ११ सेंटिमीटर. आता ताशी ७९ किलोमीटर वेगानं मारलेली किक बघा. २७ मीटरवरून मारली तर ती भिंत सुमारे २.६८ मीटरवर ओलांडते. २० मीटरवरून मारली आणि गोलरेषेवर तीच २.२० ची उंची हवी असेल, तर भिंतीपाशी ती फक्त सुमारे २.१३ वर असते. सरळ कपाळावर. २० मीटरवरून नुसत्या गुरुत्वाच्या जोरावर चेंडू वर नेऊन खाली आणायचा तर वेगाची मर्यादा ताशी सुमारे ७२ किलोमीटर पडते. २७ वरून ती सुमारे ८४ पर्यंत जाते.

म्हणजे जवळच्या किकला दोनच वाटा. वेग कमी करा, किंवा चेंडूला पुढच्या दिशेची फिरकी द्या, म्हणजे हवा त्याला खाली दाबते. नुसती आडवी फिरकी चेंडू बाजूला वळवते, खाली आणत नाही. मुलांची बहुतेक मेहनत आडव्या फिरकीवर चाललेली असते, कारण वळण डोळ्यांना दिसतं. खाली बसणारा चेंडू गोलमागच्या कॅमेऱ्यात दिसत नाही, तो बाजूच्या कॅमेऱ्यात दिसतो. म्हणून एक कॅमेरा मी नेहमी भिंतीच्या रेषेत, टचलाइनच्या म्हणजे मैदानाच्या बाजूच्या रेषेच्या बाहेर लावतो. कुणाला एकच कॅमेरा परवडत असेल तर त्यानंही तो तिथेच लावावा.

मग पायाकडे वळलो. डाव्या पायाचा खेळाडू चेंडूच्या मागे उजव्या बाजूनं येतो, उजवा पाय रोवतो आणि डाव्या पायाच्या आतल्या बाजूनं, अंगठ्याच्या बुडाच्या हाडाजवळ, चेंडूच्या डाव्या अर्ध्या भागाला खालून वर घासत जातो. चेंडू डावीकडे निघतो आणि उजवीकडे वळतो. फिरकी चांगली बसली तर चेंडू सेकंदाला ८ ते १० वेळा स्वतःभोवती फिरतो. नाकामुराची क्लिप एकेक फ्रेम पुढे नेली की दिसतं ते रोवलेल्या पायाचं महत्त्व. शरीर पूर्णपणे त्या पायाच्या बाजूला कललेलं असतं, त्यामुळे डाव्या पायाला चेंडूभोवती वळायला जागा मिळते आणि फटक्यानंतर नितंब गोलच्या दिशेनं फिरतात.

दुपारी मुलांच्या किक लावल्या तेव्हा जवळपास सगळे दोष याच पायात सापडले. पाय चेंडूला चिकटून रोवला की मारणारा पाय सरळ रेषेत येतो, फिरकी बसत नाही, चेंडू भिंतीच्या मधोमध जातो. पाय फार लांब पडला की मुलगा चेंडूपर्यंत हात पसरल्यासारखा पाय ताणतो आणि टाच आत वळते. पाय चेंडूच्या मागे राहिला की छाती मागे जाते आणि चेंडू दांड्यावरून उडतो. आम्ही चेंडूच्या बाजूला २५ ते ३० सेंटिमीटर अंतरावर, चेंडूच्या मध्याच्या किंचित मागे चुन्यानं खूण करून दिली. अंगकाठीप्रमाणे ती खूण थोडी सरकते, पण सुरुवात तिथून करावी. खूण दिल्यावर २० मीटरचे चेंडू भिंतीवरून जायला लागले. वेग कमी झाला होता, पण मुलांना वाटत होती तेवढी किंमत त्याची मोजावी लागत नाही. ताशी ७२ किलोमीटर वेगानं २० मीटर जायला चेंडूला साधारण १.१ सेकंद लागतो. गोलकीपरला भिंतीमागून चेंडू उशिरा दिसतो, तो वेळ यातूनच वजा होतो.

रोवलेल्या पायाचं सगळ्यात कठोर उदाहरण नाकामुराच्याच नावावर आहे, आणि ते फ्री किकचं नाही. ३१ जुलै २००४, चीनमधलं चोंगचिंग, आशियाई कपची उपांत्यपूर्व फेरी, जपान विरुद्ध जॉर्डन. सामना १-१, मग पेनल्टी. जपानकडून पहिला नाकामुरा. पाय रोवला, खालची माती सुटली, पाय सरकला आणि चेंडू दांड्यावरून गेला. दुसरा अलेक्स, तोही डाव्या पायाचा, त्याचंही तेच झालं. कर्णधार त्सुनेयासु मियामोतो पंचांकडे गेला, मैदानाची अवस्था दाखवली, आणि उरलेल्या पेनल्टी दुसऱ्या टोकाला घ्यायचं ठरलं. जपान ४-३ नं सुटलं, पुढे अंतिम सामन्यात चीनला ३-१ नं हरवून विजेता झालं आणि स्पर्धेतला सर्वोत्तम खेळाडू नाकामुरा ठरला. मियामोतोनं त्या क्षणी जे पाहिलं ते मला प्रशिक्षक म्हणून फार मोठं वाटतं. दोन डाव्या पायांच्या खेळाडूंचा उजवा पाय एकाच पट्ट्यात पडत होता आणि तो पट्टा उखडलेला होता. तेव्हापासून फ्री किक घेण्याआधी चेंडूच्या जागेइतकीच रोवायच्या पायाची जागा बुटानं दाबून बघायची, हे आम्ही मुलांना सवय म्हणून लावतो. मैदान ओलं असेल तर लांब स्टडचे बूट, आणि ते सराव सुरू होण्याआधी घालायचे, किकच्या वेळी नाही.

थकव्याचा मुद्दा राहतो. २२ एप्रिल २००७ ला किल्मार्नकच्या मैदानावर सामना १-१ असताना भरपाई वेळेत नाकामुरानं फ्री किकवर गोल केला, सेल्टिक २-१ नं जिंकलं आणि लीगचं विजेतेपद तिथेच पक्कं झालं. त्या मोसमात स्कॉटलंडच्या खेळाडूंनी आणि फुटबॉल पत्रकारांनी, दोघांनीही त्यालाच वर्षाचा सर्वोत्तम खेळाडू निवडलं. नव्वद मिनिटांनंतर मांडीचा मागचा स्नायू ओढलेला असतो, आणि सगळ्यात आधी बिघडतो तो रोवलेल्या पायाचा गुडघा. तो वाकतो, शरीर खाली बसतं आणि चेंडू वर जातो. म्हणून आमचा फ्री किकचा सराव आता दोन भागांत असतो. अर्धा ताज्या पायांवर, तंत्रासाठी. अर्धा सत्राच्या अखेरीला, ४० मीटरच्या धावा झाल्यावर लगेच. एका बैठकीत एका मुलाला २० ते २५ पेक्षा जास्त किक द्यायच्या नाहीत. त्यापुढे जांघेचा स्नायू दुखावण्याची भीती असते आणि तंत्र उलटं बिघडायला लागतं.

गोलकीपरसाठी त्या दिवसातून वेगळंच काम निघालं. २७ मीटरला तो भिंतीत तीनच माणसं मागत होता, कारण तिथून कुणी थेट मारेल असं त्याला वाटत नव्हतं. चेंडू भिंतीवरून सर्वांत सहज तिथूनच जातो, हे फळ्यावरच्या आकड्यांनी दाखवलं. त्यानं चौथा माणूस मागितला, पहिल्या माणसाला चेंडू आणि खांबाच्या रेषेच्या एक पाऊल बाहेर उभं केलं आणि स्वतः अर्धा मीटर भिंतीच्या बाजूला सरकला. नाकामुराच्या २००६ च्या त्या दोन किकनंतर नियमही बदलले आहेत. भिंतीची जागा मैदानावर आखणारा पंचांचा फवारा आला, त्यामुळे भिंत पुढे सरकत नाही. २०१९ पासून तीन किंवा अधिक बचावपटूंच्या भिंतीपासून आक्रमकांना एक मीटर लांब राहावं लागतं, त्यामुळे भिंतीत घुसून गोलकीपरची नजर अडवणं बंद झालं. भिंतीमागे एक माणूस आडवा झोपवायची पद्धतही आता रूढ आहे, म्हणून उडणाऱ्या भिंतीखालून मारायची जुनी युक्ती फारशी चालत नाही. हे सगळं जमेस धरलं तर चेंडू भिंतीवरून नेऊन खाली आणणं, हे कौशल्य पूर्वीपेक्षा जास्त लागतं.

मुलांनी शेवटी विचारलं ते वयाबद्दल. २००९ मध्ये सेल्टिक सोडून नाकामुरा स्पेनच्या एस्पान्योलला गेला, तिथे बस्तान बसलं नाही, २०१० मध्ये मारिनोसकडे परतला. २०१३ मध्ये ३५ व्या वर्षी पुन्हा जे-लीगचा सर्वोत्तम खेळाडू झाला. हा मान दोनदा मिळवणारा तो पहिलाच. पुढे जुबिलो इवाता, मग योकोहामा एफसी हे जपानी क्लब, आणि २०२२ च्या मोसमाअखेरीस ४४ व्या वर्षी निवृत्ती. जे-लीगच्या पहिल्या श्रेणीत थेट फ्री किकवर २४ गोल, हा विक्रम. यातल्या वयाच्या तिशीनंतरच्या किक लावल्या तर धाव आखूड झालेली दिसते, पण रोवलेल्या पायाचं अंतर आणि शरीराचा कल तसाच. पुढच्या सत्रासाठी मी त्याच किक वयाच्या क्रमानं लावून ठेवल्या आहेत, बाजूच्या कॅमेऱ्याच्या जेवढ्या मिळाल्या तेवढ्या, आणि प्रत्येक मुलाच्या फ्रेमशेजारी त्यातली एक.