टॉम हॉलंड: मुखवट्याआधीची तालीम

२०१६ साली ‘कॅप्टन अमेरिका: सिव्हिल वॉर’ आला आणि आपल्याकडच्या बहुतेकांनी स्पायडरमॅन झालेल्या टॉम हॉलंड या ब्रिटिश नटाला पहिल्यांदा पाहिलं. मार्व्हलनं कुठून तरी एक कोवळा पोरगा उचलून आणला, असाच अनेकांचा समज झाला. खरं तर तोवर त्याच्या गाठीशी लंडनच्या व्यावसायिक रंगभूमीवरची दोन वर्षं होती, सुनामीवरचा एक मोठा सिनेमा होता आणि बीबीसीची ‘वुल्फ हॉल’ ही मालिकाही होती. स्पायडरमॅनचा मुखवटा चढवल्यावर चेहरा दिसत नाही, सगळं अंगातून बोलावं लागतं. ते अंग कुठे तयार झालं हे कळलं, की त्याची पुढची कारकीर्द नीट उलगडते. कुठे तो चमकला आणि कुठे फसला, तेही.

जन्म १ जून १९९६, लंडनच्या नैर्ऋत्येला किंग्स्टन अपॉन टेम्समध्ये. वडील डॉमिनिक हॉलंड स्टँडअप विनोदकार आणि लेखक, आई निकोला छायाचित्रकार. टॉम थोरला, पाठीवर सॅम आणि हॅरी हे जुळे भाऊ आणि धाकटा पॅडी. सातव्या वर्षी डिस्लेक्सियाचं निदान झालं. विम्बल्डनमध्ये तो हिपहॉपच्या वर्गाला जायचा. २००६ मध्ये रिचमंडच्या नृत्यमहोत्सवात लिन पेज यांनी त्याला हेरलं. पेज या ‘बिली एलियट द म्युझिकल’चे नृत्यदिग्दर्शक पीटर डार्लिंग यांच्या सहकारी. खाणकामगारांच्या संपाच्या काळात बॅले शिकू पाहणाऱ्या बिली नावाच्या पोराचं हे संगीत नाटक. लगेच काम मिळालं असं मात्र नाही. आठ ऑडिशनं आणि सुमारे दोन वर्षांचं शिक्षण, एवढं झाल्यावर २८ जून २००८ ला व्हिक्टोरिया पॅलेस थिएटरात तो रंगमंचावर आला, तोही बिलीचा मित्र मायकेल म्हणून. मुख्य भूमिका मिळाली ८ सप्टेंबरला.

या दोन वर्षांत शिकवतात काय, ते पाहण्यासारखं आहे. बिलीच्या भूमिकेला बॅले, टॅप, जिम्नॅस्टिक्स, गाणं आणि इंग्लंडच्या ईशान्येकडच्या डरॅमच्या खाणकामगारांची बोली, हे सगळं एकाच पोराकडून लागतं. टॉमकडे हिपहॉपचा ताल होता, बॅले नव्हतं. हिपहॉपमध्ये वजन खाली, गुडघे सैल. बॅलेत कणा ताठ, मांडी कंबरेतून बाहेर वळलेली, वजन वर खेचलेलं. एकाची सवय दुसऱ्याला नडते, म्हणून आधीची सवय मोडून नवी घालावी लागते. नाटक जवळपास तीन तासांचं आणि बिली बहुतेक वेळ रंगमंचावर. पहिल्या अंकाच्या शेवटी पोलिसांच्या ढालींच्या भिंतीवर आदळत केलेलं रागाचं टॅप नृत्य आहे. दुसऱ्या अंकात मोठ्या वयाच्या बिलीबरोबर नाच, आणि मग दोरीला बांधून हवेत उड्डाण. त्यानंतर दम खात बसायची सोय नाही. बॅले शाळेच्या परीक्षकांसमोरचं गाणं आणि नाच अजून बाकीच असतो. श्वास राखून ठेवण्याचा हिशेब चुकला, तर तिथे सूर घसरतो.

आठवड्याला आठ प्रयोग एकच मुलगा करू शकत नाही, कायदाही करू देत नाही. म्हणून एका वेळी तीन-चार बिली असतात, ते आलटून पालटून उतरतात. शिवाय प्रयोगाच्या वेळी आणखी एकाला तयारीत ठेवतात, कारण मध्यंतराआधी कुणाचा घोटा मुरगळला तर पुढचा अंक करायला कुणीतरी हवंच. टॉमच्या काळात बालकलाकारांसाठी १९६८ चे नियम होते, इंग्लंडमध्ये आता २०१४ चे आहेत. आजच्या नियमांनुसार मूल जिथे राहतं तिथल्या स्थानिक प्रशासनाकडून परवाना काढावा लागतो. अर्ज २१ दिवस आधी गेला नाही, तर तेवढ्यावरून तो नाकारता येतो. नऊ वर्षांच्या आणि त्यापुढच्या मुलाला कामाच्या ठिकाणी दिवसाला साडेनऊ तासांहून जास्त थांबवायचं नाही, त्यातलं प्रत्यक्ष काम आणि तालीम मिळून पाच तास. रात्री ११ च्या आत सुटका, आणि दोन दिवसांच्या कामात किमान १२ तासांचं अंतर. शाळा बुडत असेल तर शिकवणी लावणं निर्मात्याला बंधनकारक, दिवसाला सरासरी तीन तास. सोबतीला प्रशासनानं मान्यता दिलेली देखरेखीची व्यक्ती हवी, आणि तिच्याकडे फार तर १२ मुलं. हे नियम नुसते कागदावर राहत नाहीत. तासांचा हिशेब चुकला तर परवाना अडचणीत येतो, म्हणून तालमीचं वेळापत्रक लावणारा माणूस पहिल्यांदा घड्याळ बघतो आणि मग दिग्दर्शकाचं ऐकतो.

आणि हे सगळं जमलं तरी बिलीची मुदत ठरलेलीच. उंची वाढली, आवाज फुटला, की भूमिका संपली. आपल्या संगीत नाटक कंपन्यांतल्या बालनटांचीही हीच गत व्हायची. वाढीच्या वयात हाडं आधी लांबतात, स्नायू मागे राहतात. टाचा आणि गुडघे दुखायला लागतात, आणि कालपर्यंत सहज जमणारी गिरकी आज चुकते. पाय तेवढेच लांब आहेत असं मेंदू धरून चालतो, प्रत्यक्षात ते दोन बोटं वाढलेले असतात. टॉमनं शेवटचा प्रयोग २९ मे २०१० ला केला, चौदावा वाढदिवस तीन दिवसांवर होता.

त्यानंतर लगेच ‘द इम्पॉसिबल’ मिळाला हे त्याचं नशीब. हुआन अंतोनियो बायोनाचा हा सिनेमा २००४ च्या सुनामीत थायलंडमध्ये सापडलेल्या एका स्पॅनिश कुटुंबाच्या खऱ्या अनुभवावर आहे. टॉम थोरला मुलगा लुकास, नेओमी वॉट्स आई. पाण्याचे प्रसंग स्पेनमध्ये आलिकांतेच्या स्टुडिओतल्या प्रचंड हौदात झाले, आणि त्या दोघांचे आठवडेच्या आठवडे त्यात गेले. मोठ्या कुंड्यांसारख्या साच्यांत त्यांना कमरेपर्यंत बसवायचे आणि प्रवाहातून ओढत न्यायचे, म्हणजे वेग आणि दिशा दिग्दर्शकाच्या हातात राहते आणि नट खरोखर वाहून जात नाही. रिसॉर्ट वाहून जातं तो भाग मात्र एक तृतीयांश मापाच्या प्रतिकृतीवर खऱ्या पाण्याचा लोंढा सोडून घेतला. अशा चित्रीकरणात नटाची पंचाईत अशी होते, की तोंडात पाणी गेलं की संवाद जातो, संवाद धरला की श्वास चुकतो. टॉमला धापा टाकत वाक्य पोहोचवायची सवय रंगभूमीनं आधीच लावली होती. तरी मला त्याचं खरं काम पाण्याबाहेर दिसतं. जखमी आई पुढे चालते आहे, तिच्या पायाची अवस्था आणि फाटलेले कपडे पाहून लुकास नजर वळवतो, आणि मग आपणच पुढे होऊन तिला आधार देतो. काही सेकंदांत एक मूल मोठं होतं आणि त्याला वाक्याची गरज पडत नाही. अमेरिकेच्या नॅशनल बोर्ड ऑफ रिव्ह्यूनं त्याला लक्षवेधी पदार्पणाचा पुरस्कार दिला. ऑस्करसाठी नामांकन वॉट्सला मिळालं.

पुढची तीन वर्षं खडतर. क्रॉयडनच्या ब्रिट स्कूल या कलाशाळेत शिक्षण (ही सरकारी पैशावर चालतं, फी नाही, ॲडेल आणि एमी वाइनहाउस इथल्याच), अधूनमधून कामं. रॉन हॉवर्डच्या ‘इन द हार्ट ऑफ द सी’साठी उपासमार झालेले खलाशी दिसायचे म्हणून सगळ्या नटांनी जेवण तोडलं होतं. मधल्या काळात काम मिळेना तेव्हा आईनं त्याला कार्डिफला सुतारकाम शिकायला पाठवलं. इंग्लंडातल्या नटाच्या घरात हे शहाणपण असतं, बाप विनोदकार असला की जास्तच. पोरगा आपल्यापुढे निघून गेला या विषयावर बापानं ‘इक्लिप्स्ड’ नावाचं पुस्तकच लिहिलं.

स्पायडरमॅनची निवड महिनोन्‌महिने चालली. आधी घरून चित्रफिती पाठवायच्या, त्यातून चाळणी, मग अटलांटात रॉबर्ट डाउनी ज्युनियरसमोर आणि पुढच्या फेरीत ख्रिस इव्हान्ससमोर कॅमेरा चाचणी. समोर मोठा नट ठेवतात ते दोघांचं जमतं का बघायला. आणि बुजलेला पोरगा तिथेच गळतो. टॉमला कोलांटउड्या येत होत्या, त्याच्या चित्रफिती तो टाकतही होता. दिग्दर्शकाला त्याचा सरळ फायदा असा, की नटच उडी मारत असेल तर कॅमेरा न तोडता उडीतून चेहऱ्यावर येतो. घोषणा २३ जून २०१५ ला झाली आणि ती त्याला मार्व्हलच्या इन्स्टाग्रामवरून कळली.

मग बोलीचा प्रश्न. पीटर पार्कर, म्हणजे मुखवट्यामागचा स्पायडरमॅन, न्यूयॉर्कच्या क्वीन्सचा. लंडनकर ‘कार’मधला शेवटचा र गिळतो, अमेरिकन तो जीभ मागे वळवून पूर्ण म्हणतो, ‘वॉटर’मधला ट तिकडे ड च्या जवळ जातो. सुटे शब्द कुणालाही जमतात. गडबड होते ती ओरडताना, घाबरल्यावर, धावताना, कारण ताण आला की तोंड मूळ बोलीकडे पळतं. म्हणून बरेच ब्रिटिश नट दिवसभर, जेवणाच्या सुट्टीतही, तीच बोली धरून ठेवतात. ‘होमकमिंग’ या त्याच्या पहिल्या स्वतंत्र स्पायडरमॅनपटाच्या आधी टॉम खोट्या नावानं ब्राँक्स हायस्कूल ऑफ सायन्समध्ये काही दिवस जाऊन बसला. मी स्पायडरमॅन आहे असं त्यानं एकीला सांगितलंही, तिनं त्याला वेड्यात काढलं.

पोशाखाचं कौतुक फार होतं, त्यातला त्रास कमी लोकांना माहीत असतो. तो अंगाला घट्ट आणि घालायला-काढायला वेळखाऊ, म्हणून मधेच नैसर्गिक विधीला जाणं अवघड. मुखवटाही सहज निघत नाही. पाणी प्यायचं तर डोळ्याची काच काढून तिथून नळी आत घालायची. आत ऐकू कमी येतं, दिसतं त्याहून कमी. अशा अवस्थेत ‘मी लाजलो आहे’ हे दाखवायचं तर खांदे, मान आणि हाताची बोटं एवढंच भांडवल. बिली एलियटची दोन वर्षं इथे वसूल झाली. ‘ॲव्हेंजर्स: इन्फिनिटी वॉर’मध्ये पीटर राख होत डाउनीच्या टोनी स्टार्कला बिलगतो, त्या प्रसंगातलं बरंचसं त्यानं जागेवर सुचून केलेलं आहे. गुपितं राखण्याच्या बाबतीत मात्र हा गडी इतका कच्चा, की ‘एंडगेम’ची पूर्ण संहिता त्याच्या हातात दिलीच नाही, आणि मुलाखतींना शेजारी सहकलाकार बेनेडिक्ट कंबरबॅच पहाऱ्याला.

२०१७ मध्ये प्रेक्षकांच्या मतांवर मिळणारा बाफ्टा या ब्रिटिश चित्रपट अकादमीचा उगवत्या ताऱ्याचा पुरस्कार त्याला मिळाला. ऑगस्ट २०१९ मध्ये स्पायडरमॅनचे चित्रपटहक्क असलेली सोनी आणि मार्व्हलची मालक डिस्नी यांचं फिसकटलं, तेव्हा त्यानं थेट डिस्नीचे प्रमुख बॉब आयगर यांना गाठून बोलणं केलं, आणि सप्टेंबरअखेर तडजोड झाली. ‘नो वे होम’ भारतात १६ डिसेंबर २०२१ ला, अमेरिकेच्या एक दिवस आधी लागला. जगभरची कमाई सुमारे १.९ अब्ज डॉलर.

फसला तो ‘चेरी’ या सिनेमात आणि ‘द क्राउडेड रूम’ या मालिकेत. नशेच्या आहारी गेलेला सैनिक, तुटलेल्या मनाचा तरुण. मेहनतीत कसूर नाही. ‘चेरी’साठी त्यानं वजन उतरवलं, डोकं भादरलं. पण दोन्हीकडे दुःख आधीच लिहून ठेवलेलं आहे आणि त्याला ते नुसतं सोसायचं आहे. काहीतरी करू पाहणारा, धडपडणारा माणूस त्याला साजतो; हातपाय बांधले की चेहऱ्यावर ताण तेवढा दिसतो. ‘द डेव्हिल ऑल द टाइम’ तितकाच काळोखा, तरी तिथे तो शोभतो, कारण त्यातला त्याचा आर्विन सतत काही ना काही ठरवून करतो. ‘क्राउडेड रूम’नंतर त्यानं वर्षभर सुट्टी घेतली. दारू त्याआधीच, जानेवारी २०२२ पासून, सोडली होती. २०२४ मध्ये ‘बेरो’ नावाची बिनअल्कोहोलची बिअर काढली.

२०२४ च्या उन्हाळ्यात तो वेस्ट एंडला, म्हणजे लंडनच्या व्यावसायिक रंगभूमीवर परतला, ड्यूक ऑफ यॉर्क्स थिएटरात दिग्दर्शक जेमी लॉइडचा ‘रोमिओ अँड ज्युलिएट’. तिकिटं काही तासांत संपली. लॉइडच्या पद्धतीत नेपथ्य जवळजवळ नाही, तोंडाशी माइक, हातात कॅमेरा. हद्दपार रोमिओ नाट्यगृहाच्या गच्चीवर, आणि ते दृश्य आत पडद्यावर थेट. माइक असल्यानं कुजबुजता येतं, पण ज्यानं आवाज फेकायचं शिक्षण घेतलं त्याला सगळं आवरून धरावं लागतं. ज्युलिएट झालेल्या फ्रान्सेस्का आम्युडा-रिव्हर्सवर वर्णद्वेषी शेरेबाजी झाली, तेव्हा निर्मात्यांनी जाहीरपणे तिची बाजू घेतली.

ऑगस्ट २०२५ मध्ये ‘ब्रँड न्यू डे’ या पुढच्या स्पायडरमॅनपटाचं चित्रीकरण ग्लासगोच्या खऱ्या रस्त्यांवर झालं, बघ्यांच्या गर्दीसमोर. सप्टेंबरमध्ये साहसदृश्य करताना त्याच्या डोक्याला मार बसला आणि काम काही दिवस थांबवावं लागलं. नाक तर याआधीही मोडलेलं आहे, ‘द लॉस्ट सिटी ऑफ झी’च्या वेळी कोलांटी मारताना. जून २०२६ म्हणजे तिशी. जिम्नॅस्टच्या हिशेबानं हे उतरतं वय, आणि आजवरचं त्याचं निम्मं काम अंगाच्या जोरावर उभं आहे. म्हणून मला दिग्दर्शक क्रिस्टोफर नोलनच्या ‘द ओडिसी’तल्या टेलेमॅकसबद्दल जास्त कुतूहल आहे: बापाची वाट पाहत बसलेला मुलगा, घरात परक्यांचा तळ, आणि बराच काळ हातात काहीच नाही.