पण याच्यात स्टोरी काय आहे?

परवा आईला लॅपटॉपवर चित्रकार एम. एफ. हुसेनची फिल्म दाखवली, 'थ्रू द आइज ऑफ अ पेंटर'. १९६७ ची, ब्लॅक अँड व्हाइट, फिल्म्स डिव्हिजनची म्हणजे चक्क सरकारी, आणि बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात लघुपटाचं गोल्डन बेअर बक्षीस मिळवून आलेली. "पंढरपूरचाच ना तो?" म्हणत आई कौतुकाने बसली.

आता यात आहे काय, तर राजस्थान, किल्ल्यांच्या भिंती, गाय, बायामाणसं, आणि मधेच एक कंदील, एक छत्री, पायातला एक जोडा. हे पुन्हा पुन्हा येतात, कधी कुठे तर कधी कुठे, आणि त्यांचा अर्थ कुणी सांगत नाही, मागे विजय राघव राव यांचं संगीत. पाच मिनिटांत आईचा प्रश्न आलाच, "अरे पण कंदील कुणाचा?"

खरं सांगू का, पहिल्यांदा बघताना मी पण हेच केलेलं. छत्री म्हणजे अमुक, जोडा म्हणजे तमुक, असं कोडं सोडवत बसलो आणि फिल्म हातातून गेली. दुसऱ्यांदा नाद सोडला तेव्हा कुठे दिसलं की गंमत कंदिलात नाहीच, कंदिलानंतर काय येतं त्यात आहे, शेजार बदलला की तीच वस्तू वेगळी दिसते. एसटीच्या खिडकीतून आपण तासन्‌तास बघतो, विहीर गेली, म्हशी गेल्या, लग्नाचा मांडव गेला, तेव्हा कुठे विचारतो स्टोरी काय म्हणून?

(त्या काळी थिएटरात पिक्चरच्या आधी फिल्म्स डिव्हिजनचं काहीतरी दाखवणं कंपल्सरी होतं. त्याच खात्यात बसून दिग्दर्शक प्रमोद पती 'एक्स्प्लोरर' या छोट्या फिल्मसारखं भन्नाट काम करत होते, १९६८ मध्ये! डोळ्यांवर चित्रांचा नुसता मारा.)

मग पतींचीच 'आबिद' लावली. चित्रकार आबिद सुरती रिकाम्या खोलीत घुसतात आणि सगळी खोली रंगवून काढतात. पिक्सिलेशन आहे, म्हणजे जिवंत माणसाचं एकेक फ्रेम थांबून थांबून शूटिंग, त्यामुळे माणूस कळसूत्री बाहुलीसारखा हलतो. आई खुदखुदली, पण लगेच, "हे पुसणार कोण?"

मी सांगितलं, हेच आबिद सुरती म्हातारपणी मीरा रोडला घरोघरी जाऊन गळके नळ फुकट दुरुस्त करून द्यायचे. आई उठून बसली.

"मग ही स्टोरी आहे ना! याच्यावर काढायची फिल्म."