स्क्रॅपबुक, चवथीचे एसएमएस आणि भरलेलं कार्ड

३० सप्टेंबर

२०१४ साली याच तारखेला ऑर्कुट हे सोशल नेटवर्क बंद झालं. सुरू झालं होतं जानेवारी २००४ मध्ये. आठवण निघाली की लोक फॅन किती होते तेच सांगत बसतात. त्यातलं खरं डोकेबाज प्रकरण होतं टेस्टिमोनियल, म्हणजे मित्राने आपल्याबद्दल लिहिलेली स्तुती.

स्क्रॅपबुक म्हणजे प्रत्येकाची निरोपांची वही, सुरुवातीला ती उघडीच असे. म्हापशाच्या मुलाने फोंड्याच्या मुलीला काय लिहिलं ते अख्ख्या वर्गाला दिसे. शिवाय प्रश्न एकाच्या वहीत, उत्तर दुसऱ्याच्या. पूर्ण संभाषण हवं तर दोन्ही वह्या उघडायच्या. टेस्टिमोनियल मात्र समोरच्याने मान्य केल्याशिवाय त्याच्याखेरीज कोणालाच दिसत नसे. मग तीच चोरवाट झाली. स्तुतीच्या जागी निरोप लिहायचा, वर 'ॲक्सेप्ट करू नको' अशी ताकीद द्यायची, वाचून झालं की समोरच्याने नाकारायचं. घाईत चुकीचं बटण दाबलं की निरोप प्रोफाइलवर, ताकिदीसकट! 'रिसेंट व्हिजिटर्स'चा हिशेबही रोखठोक होता: आपण कोणाकडे डोकावलो ते लपवायचं असेल, तर आपल्याकडे कोण आलं तेही दिसणार नाही.

चकाकणारे स्क्रॅप आणि ॲड्रेस बारमध्ये चिकटवायचे कोड मात्र निव्वळ डोकेदुखी. अनोळखी कोड चिकटवणं म्हणजे खात्याची किल्ली परक्याच्या हातात देणं. डिसेंबर २००७ मध्ये तर एक स्क्रॅप नुसता उघडला तरी पुरत होता. तो आपसूक मित्रांच्या वह्यांत जाऊन बसायचा.

मराठी मुलांनी मराठी रोमीत, म्हणजे रोमन लिपीत का लिहिलं, याचं उत्तर आळस नव्हे. विंडोज एक्सपीमध्ये देवनागरी नीट दिसायला कंट्रोल पॅनेलमधल्या 'रीजनल अँड लँग्वेज ऑप्शन्स'मध्ये जाऊन 'कॉम्प्लेक्स स्क्रिप्ट'च्या चौकटीत खूण करावी लागे, एक्सपीची सीडी घालावी लागे, मग रीस्टार्ट. सायबर कॅफेत सीडी मालकाच्या कपाटात आणि मीटर चालू. हे केलं नाही तर ह्रस्व वेलांटी अक्षराच्या उजवीकडे जाऊन पडे आणि जोडाक्षरं फुटत. कोकणी देवनागरीत की रोमीत, हा लिपीचा वाद गोव्यात केवढा जुना, पण स्क्रॅपबुकात मराठीवाल्यांनीही रोमी बिनतक्रार वापरली.

एसएमएसमध्ये तर देवनागरी खिशालाच लागे. रोमीत एका संदेशात १६० अक्षरं, देवनागरीत ७०. संदेश लांबला की जोडणीसाठी जागा जाते, म्हणून प्रत्येक तुकड्यात १५३ किंवा ६७. त्यात काना, वेलांटी, हलन्त सगळं वेगळं मोजलं जातं: 'श्री' दिसायला एक, मोजणीत चार. म्हणजे मोजणीत दीडशे भरणारी चवथीची (गणेश चतुर्थीची) शुभेच्छा देवनागरीत तीन संदेशांची. त्यातून सणाच्या दिवशी एसएमएस पॅक चालत नसे, पूर्ण दराने पैसे कापले जात. जाणकार आदल्या रात्री, गणपतीवरची फळाफुलांची माटोळी बांधून झाल्यावर, सगळ्यांना पाठवून मोकळे होत. २७ सप्टेंबर २०११ पासून ट्रायने (दूरसंचार नियामकाने) एका सिमवर दिवसाला १०० संदेशांची मर्यादा घातली, नोव्हेंबरात ती २०० झाली. फॉरवर्डवाल्यांचा जोर तिथेच ओसरायला लागला.

गाण्यांना मात्र पैसे पडत नसत, ती ब्लूटूथवरून फिरत. १२८ केबीपीएसचं गाणं मिनिटाला साधारण एक एमबी, म्हणजे पाच मिनिटांचं पाच एमबी, आणि एक जीबीच्या कार्डावर जेमतेम दोनशे. टप्पा दहाएक मीटरचा. कदंबच्या बसमध्ये पुढच्या सीटवरून मागच्या सीटवर सहज जाई. जोडणीचा कोड बहुतेक ०००० किंवा १२३४. कार्ड रिकामं असूनही 'मेमरी फुल' का, हा नेहमीचा प्रश्न. नोकियाच्या एस६० प्रणालीच्या फोनवर आलेली फाइल आधी मेसेजच्या इनबॉक्समध्ये पडे, आणि इनबॉक्स फोनच्याच मेमरीत असे. मेसेजिंग, ऑप्शन्स, सेटिंग्ज, अदर, तिथे 'मेमरी इन यूज' कार्डावर करायचं. तसं केलं नाही तर दहाबारा गाण्यांत फोन गुदमरे आणि एसएमएसही यायचे बंद होत.

पेनड्राइव्हवरची गाणी घेताना फोल्डर दिसलं की लगेच डबल क्लिक करायचं नाही. एक्सपी फाइलच्या नावाचं शेपूट (एक्स्टेन्शन) लपवून ठेवायची, त्यामुळे 'न्यू फोल्डर' नावाचं पिवळं चित्र प्रत्यक्षात ईएक्सई फाइल, म्हणजे उघडताच चालणारा व्हायरस निघू शकायचा. फोल्डर ऑप्शन्समधली 'हाइड एक्स्टेन्शन्स'ची खूण आधी काढायची, मग काय उघडायचं ते ठरवायचं.