साडेबारा ते सहा

शाळेच्या ग्रुपवर सकाळी सकाळी मेसेज, उद्या पालकसभा अकरा वाजता. अकराला नक्की कोणते पालक मोकळे असतात हे मला एकदा कोणीतरी सांगा. माझी मीटिंगही नेमकी तेव्हाच. नवऱ्याला म्हटलं तर म्हणे "तू जा ना, तुला कळतं शाळेचं"... कळतं म्हणजे, मी काय तिथे नोकरीला आहे का 😄 शेवटी त्यालाच पाठवतेय, कुरकुरत का होईना जाणारे.

नोकरीचं तसं बरं चाललंय हो, खरी गोची शाळा सुटल्यापासून ऑफिस सुटेपर्यंतच्या तासांची आहे, पाळणाघरवाल्या ताई आजारी पडल्या की सगळंच गणित कोलमडतं आणि मग फोनाफोनी सुरू. आज तेच झालं म्हणून घरून काम घेतलं, तर कॉलवर बॉस बोलतायत आणि लेक टेबलाखाली बसून माझ्या पायाच्या नखांना स्केचपेनने नेलपॉलिश लावतेय, मी आपली गंभीर चेहरा करून "हो सर, बघते सर". कॉल संपला तेव्हा एक पाय जांभळा झाला होता, दुसऱ्याचा रंग अजून ठरायचाय म्हणे 🤦‍♀️