सारिसेल्काची रात्रीची स्नोमोबाइल सफर: घ्यायचीच असेल तर

निकाल आधीच सांगून टाकतो. नॉर्दर्न लाइट्स, म्हणजे अरोरा, बघायचे असतील तर स्नोमोबाइल (बर्फावरची मोटारसायकल म्हणा) हे त्यासाठीचं वाहन नव्हे, आणि स्नोमोबाइल चालवायची हौस असेल तर ती दुपारी उजेडात भागवावी. सारिसेल्का हे गाव फिनलंडच्या लॅपलंडमध्ये आहे, आणि तिथे 'अरोरा सफारी' नावाने दोन्ही एकाच तिकिटात विकतात. त्यात दोन्ही गोष्टी अर्धवट मिळतात, पैसे मात्र दोन्हींचे जातात.

कारण साधं आहे. तीन तासांच्या सफरीत गाडी प्रत्यक्ष चालते जेमतेम दीड तास. तेवढ्या वेळात २५-३० किलोमीटर होतात, तेही वळणावळणाने, त्यामुळे सरळ रेषेत गावापासून तुम्ही फार तर दहा-बारा किलोमीटर लांब जाता. ढगांचा थर बहुधा त्याहून कितीतरी लांब पसरलेला असतो. म्हणजे हॉटेलवर ढग असतील तर सफर जिथे थांबते त्या शेकोटीपाशीही तेच ढग. उलट व्हॅनमधून अरोरा दाखवायला नेणारा ई ७५ रस्त्याने उत्तरेला इनारीपर्यंत ७० किलोमीटर किंवा दक्षिणेला सोदांक्युलापर्यंत १३० किलोमीटर जाऊन आकाशातलं भगदाड शोधू शकतो. आणि व्हॅनमध्ये हीटर असतो.

दुसरं म्हणजे, चालवणाऱ्याला आकाश दिसतच नाही. समोरच्या गाडीचा लाल दिवा, आपल्या हेडलाइटच्या उजेडात उडणारा बर्फाचा भुगा आणि धुकटलेला वायझर, एवढंच त्याचं जग. मागे बसलेल्याला थोडं दिसतं, पण त्याचं लक्ष आपली कंबर शाबूत ठेवण्यात असतं.

तिसरी फसगत वेळेची. बऱ्याच सफरी संध्याकाळी सहा-सातला निघतात आणि दहाच्या आत परत येतात. ही वेळ हॉटेलच्या जेवणाच्या सोयीची आहे, आकाशाच्या नाही. या भागात अरोरा रंगात येण्याची शक्यता रात्री दहा ते एकच्या दरम्यान जास्त. म्हणून बुकिंग करताना पहिला प्रश्न हाच विचारा: निघता किती वाजता? नऊच्या पुढची फेरी असेल तर तीच घ्या. गाइड जांभया देईल, पण ते चालतं.

आता तरीही जायचंच असेल, तर पुढचं नीट वाचा.

लायसन्स. गाडी चालवणाऱ्याकडे मूळ कार्ड हवं. सोबत आरटीओचं इंटरनॅशनल ड्रायव्हिंग परमिट काढून ठेवा: फी १००० रुपये, मुदत एक वर्ष. डिजिलॉकरमधल्या प्रतीवर विसंबू नका. लर्निंग लायसन्स चालत नाही. फक्त दुचाकीचं लायसन्स असेल तर आधी मेलवर लेखी उत्तर मागवा, नाहीतर ऐन वेळी मागच्या सीटवर बसावं लागेल. रक्तातल्या अल्कोहोलची कायदेशीर मर्यादा ०.५ प्रोमिल (हजारी अर्धा भाग) आहे, पण 'थंडीत एक घोट' घेऊन आलेल्याला गाइड त्याहून कमीलाही किल्ली देत नाही, आणि बरोबरच करतो.

पैसे. दोघांत एक गाडी धरून माणशी साधारण १३० ते १८० युरो. जाहिरातीत हाच आकडा मोठ्या अक्षरात असतो. बाकीचे बारीक अक्षरात असतात. एकट्याने चालवायची तर आणखी ५० ते ८० युरो. ते देऊ नका, रात्री वीसच्या वेगाने रांगेतून जायला एकट्याची गाडी हवी कशाला? पण नुकसानीची जबाबदारी कमी करण्यासाठी जे १५-३० युरो मागतात ते मुकाट्याने द्या. ते दिले नाहीत तर गाडी झाडावर गेल्यावर १००० युरोच्या आसपास खिशातून जातात. दिले तर ती रक्कम दोन-तीनशेच्या घरात येते. वाकलेली स्की (गाडीच्या पुढची घसरपट्टी) किंवा तडकलेला पुढचा प्लास्टिकचा भाग हे इथलं नेहमीचं नुकसान आहे, आणि तेवढं करायला पाच सेकंद पुरतात. निघण्याआधी गाडीचे चारही बाजूंनी फोटो काढा. फ्लॅश लावून, पुढून दोन जास्त.

शेंगेन व्हिसासाठी जो ३० हजार युरोंचा विमा काढता, त्याची पॉलिसी उघडून बघा. कित्येक पॉलिसींमध्ये बर्फावरची मोटारवाहनं सरळ वगळलेली असतात. एजंट हे आपणहून सांगत नाही. आणि 'लाइट्स गॅरंटीड' असं लिहिणाऱ्याला विचारा की दिसले नाहीत तर काय? बहुतेकदा उत्तर असतं, दुसऱ्या फेरीवर सूट. म्हणजे आणखी एक तिकीट.

कपडे. कंपनी ओव्हरऑल, बूट, जाड मिटन (चार बोटं एकत्र राहणारे हातमोजे), हेल्मेट आणि माकडटोपी देते. आतले थर आपले. मेरिनो लोकर किंवा पॉलिएस्टरचं थर्मल, वर फ्लीस. सुती काहीही नको, बनियनसुद्धा. आपल्याकडची सगळ्यात मोठी चूक पायमोज्यांची: तीन-तीन जोड्या कोंबतात, बूट घट्ट होतो, रक्त फिरत नाही आणि बोटं आधी गारठतात. एक पातळ, एक जाड लोकरी, आणि बूट एक नंबर मोठा. बोटं आत हलली पाहिजेत. हातात धरायची गरम पाकिटं निघण्याआधी दहा मिनिटं उघडून मिटनमध्ये टाका. त्यांना हवा लागते, म्हणून घट्ट बुटात ती चालत नाहीत. ओव्हरऑल चढवून गरम खोलीत अर्धा तास सूचना ऐकत बसू नका. घाम आला की तो बाहेर गोठतो. बाहेर पडेपर्यंत ओव्हरऑलची चेन उघडी ठेवा. आणि ओव्हरऑल चढवण्याआधी संडास-बाथरूम उरका, नंतर ते पंधरा मिनिटांचं काम होतं.

थर्मामीटरवर उणे २५ असताना ताशी ३० च्या वेगाने उघड्या कातडीला उणे ३९ चा चटका बसतो. हेल्मेट आणि माकडटोपी यांच्यामधली बोटभर फट म्हणजे गालावर पांढरा डाग. उणे ३० च्या आसपास बहुतेक कंपन्या सफर रद्द करतात किंवा व्हॅन काढतात. तसं झालं तर नशीब समजा.

चष्मेवाल्यांनी शक्य असेल तर कॉन्टॅक्ट लेन्स घालाव्यात. श्वास वर जाऊन आधी चष्मा, मग वायझर धुकटतो, आणि तो थर काचेच्या आतून गोठतो. बोटाने पुसला तर नखाने खरवडावा लागतो. हेल्मेटमध्ये नाकावर श्वास खाली वळवणारा मास्क आहे का बघा. गरम होणारा वायझर मिळत असेल तर मागून घ्या.

उंचवट्यांचा टप्पा. आता मुख्य गोष्ट. गावातून बाहेर पडणारा ट्रॅक सगळ्यांचा एकच असतो, आणि दिवसभर त्यावरून शेकडो गाड्या गेलेल्या असतात. प्रत्येक जण वेग घेतो, ब्रेक मारतो, आणि बर्फाच्या उंचवट्यांची एकामागून एक रांग तयार होते, आपल्या घाटातल्या खराब गतिरोधकांसारखी, फक्त दोन-तीन किलोमीटर सलग. रस्ता दाबून सपाट करायचं मशीन रात्री उशिरा किंवा पहाटे फिरतं. म्हणजे संध्याकाळची सफर ही त्या ट्रॅकची सगळ्यात वाईट वेळ. हे माहितीपत्रकात कुठेच नाही.

यावरून जायची रीत: अर्धवट उभं राहा, गुडघे वाकवून. वेग १५-२०, एकसारखा. उंचवट्याच्या माथ्यावर ब्रेक मारू नका, पुढचं टोक दाणकन आपटतं. मागे बसणाऱ्यालाही उभं राहायला सांगा, कारण खरा मार त्याच्या माकडहाडाला बसतो. पाठीचा किंवा मानेचा त्रास असेल, गरोदर असाल, तर हा टप्पा तुमच्यासाठी नाही. 'हळू नेऊ' या आश्वासनाला अर्थ नाही, हळू नेलं तरी उंचवटे तेवढेच असतात.

आणि अंगठा. ॲक्सिलरेटर उजव्या अंगठ्याने दाबायचा लिव्हर आहे, मोटारसायकलसारखा पिळायचा नाही. गाडी उडाली की माणूस घाबरून हँडल आवळतो. मूठ आवळली की अंगठाही आवळला जातो आणि गाडी थेट झाडाकडे सुटते. उजेडात सपाट जागेवर दहा मिनिटं सराव केला की ही सवय मोडते, पण रात्रीच्या सफरीत सराव मिळतो पार्किंगच्या एका चकरेचा. उपाय: घाबरलात की अंगठा आधी सोडा, मग ब्रेक. ब्रेक डाव्या हाताला. ब्रेक कचकन धरून वळायला जाऊ नका, गाडीखालचा फिरता पट्टा अडकतो आणि गाडी वळायच्या ऐवजी सरळ घसरते. मनगटाला किंवा ओव्हरऑलच्या कडीला अडकवायची लाल दोरी असते, ती ओढली गेली की इंजिन बंद. निघण्याआधी एकदा ओढून खरंच बंद होतं का बघा.

गाडी कलली तर पाय टेकवू नका. हे स्कूटरवाल्या माणसाला पटायला फार जड जातं. अडीचशे-तीनशे किलोंची गाडी पायावर आली की घोटा जातो. पाय फूटबोर्डवर, अंग वळणाच्या आत, मागच्यानेही त्याच बाजूला. ट्रॅकच्या बाहेर स्की गेली तर थांबा, डावा हात वर करा, गाइडची वाट बघा. स्वतः उतरलात तर कमरेपर्यंत बर्फात जाल, आणि मग गाइडला दोन गोष्टी बाहेर काढाव्या लागतील.

रांगेत गाइडच्या लगेच मागचा क्रमांक मागा. शेपटाला असाल तर पुढच्यांनी उडवलेला भुगा तुमच्या हेडलाइटमध्ये पांढरी भिंत होतो. शिवाय पुढे थोडासा वेग वाढला की शेवटच्याला अंतर भरून काढायला दामटावं लागतं. पुढच्या गाडीपासून वीस मीटरचं अंतर कायम राखा.

मुलं बहुतेक ठिकाणी गाइडच्या गाडीने मागे ओढलेल्या स्लेजमध्ये बसतात. ब्लँकेट असतं, पण हलायला जागा नसते, त्यामुळे ती मोठ्यांपेक्षा आधी गारठतात. सात-आठ वर्षांखालच्यांना नेऊ नका.

शेकोटी आणि आकाश. थांबा म्हणजे लाकडी आडोसा, गरम बेरीचं सरबत आणि भाजलेलं सॉसेज. ते बहुधा डुकराच्या मांसाचं असतं, शाकाहारींनी बुकिंगमध्येच लिहावं. चिक्की नेलीत तर ती दगड होते, दात सांभाळा.

पोहोचल्याबरोबर गाइडला सगळ्या गाड्यांचे दिवे बंद करायला लावा आणि शेकोटीकडे पाठ करा. डोळे अंधाराला सरावायला वीस मिनिटं लागतात आणि एकदा ज्वाळेकडे बघितलं की पुन्हा शून्यापासून सुरुवात. पहिल्यांदा जे दिसतं ते हिरवं नसतं. उत्तरेकडे एक राखाडी पट्टा, विमानाच्या धुरासारखा. कमी उजेडात डोळ्याला रंग कळत नाहीत, कॅमेऱ्याला कळतात, म्हणून फोटो आणि प्रत्यक्ष यात इतकी तफावत. खात्री करायला फोनवर तीन सेकंदांचा नाइट मोड लावा: हिरवं आलं तर अरोरा, पांढरं आलं तर ढग. पट्टा अचानक उजळून पडद्यासारखा हलायला लागला की डोळ्यालाही हिरवं दिसतं, पण तो खेळ दहा-वीस मिनिटांत ओसरतो. नेमकं तेव्हाच गाइड 'चला' म्हणतो.

केपीच्या (भूचुंबकीय हालचाल ० ते ९ मध्ये मोजणाऱ्या) आकड्यामागे लागू नका. सारिसेल्का ६८ अंश उत्तरेला आहे, इथे केपी १-२ लाही अरोरा दिसतो. फिनलंडच्या हवामान खात्याचा ढगांचा अंदाज बघा, तोच निर्णायक. डिसेंबरपेक्षा फेब्रुवारीअखेर ते मार्चअखेर बरा: आकाश जास्त वेळा निरभ्र, विषुवदिनाच्या आसपास चुंबकीय हालचाल जास्त, आणि ट्रॅकवर पुरेसा बर्फ.

कॅमेरा असेल तर ट्रायपॉड, मॅन्युअल फोकस ताऱ्यावर, एफ २.८, आयएसओ १६०० ते ३२००, ५ ते १० सेकंद. जादा बॅटरी आतल्या खिशात. गाडीवर कॅमेरा गळ्यात नको, पाठीवरच्या पिशवीत कपड्यात गुंडाळून. परत आल्यावर खोलीत शिरण्याआधी, बाहेरच, तो चेनच्या प्लास्टिक पिशवीत बंद करा आणि दोन तास उघडू नका, नाहीतर लेन्सच्या आत पाणी धरतं.

हस्की, रेनडिअर वगैरे ठीक आहे, त्यावर लिहिण्यासारखं काही नाही.

माझ्या मते बरा कार्यक्रम असा: दुपारची दोन तासांची स्नोमोबाइल, आणि तीन रात्री मोकळ्या. आकाश उघडलं की कौनिस्पा टेकडीच्या दिशेने गावातल्या दिव्यांबाहेर वीस मिनिटं चालत जायचं. माथा ४३८ मीटर, वरपर्यंत रस्ता आहे. स्कीइंगच्या आखलेल्या पट्ट्यांवरून मात्र चालू नका, लोक चिडतात. ढग असतील तर एका रात्री व्हॅन. थर्मासमध्ये चहा, बुटात एकच जाड मोजा, आणि अंगठा जागच्या जागी.