पीट पोस्टलथ्वेटनं केलेले बाप

आमच्या परभणीत पीट पोस्टलथ्वेट हा इंग्रज नट म्हटलं तर कुणाला काही कळायचं नाही, पण ज्युरासिक पार्कचा दुसरा भाग हिंदीत पाहिलाय का म्हणून विचारा, मग टी-रेक्सच्या मागं लागलेला तो शिकारी लगेच आठवतो. रोलंड टेम्बो, १९९७ चा पिक्चर. सगळे डायनासोर बघायला बसलेले अन मी त्या माणसाकडंच बघायलो होतो, उन्हात वाळलेल्या ढेकळासारखा रखरखीत चेहरा, गालाची हाडं वर आलेली, अन एवढ्या आरडाओरड्यात हा शांतपणे बोलतो. ज्याच्यासाठी आला तो टी-रेक्स शेवटी हाती लागतो पण सोबतचा अजय गेलेला असतो, अन पुढची नोकरी देऊ केली तर नको म्हणतो, मरणाच्या संगतीत पुष्कळ दिवस काढले म्हणतो. बस, एवढंच.

माणूस १९४६ चा, इंग्लंडातल्या वॉरिंग्टनचा. आधी मास्तर होता, मग ब्रिस्टलला नाटक शिकला अन लिव्हरपूलच्या एव्हरीमन थिएटरात काम करायला लागला, तिथं ज्युली वॉल्टर्स, बिल नाय, जोनाथन प्राइस ही मंडळी पण होती. टीव्हीवर शार्प मालिकेतला सार्जंट हेक्सविल त्यानं केला, इतका नीच माणूस की बघताना अंगावर काटा येतो. युज्वल सस्पेक्ट्स पिक्चरमधला वकील कोबायाशी तर बऱ्याच जणांना माहीत असंल.

पण मला बोलायचंय त्यानं पडद्यावर केलेल्या बापांबद्दल.

पहिला बाप १९८८ चा, डिस्टंट व्हॉइसेस, स्टिल लाइव्ह्ज. लिव्हरपूलचं कामगाराचं घर, बाप घरात आला की लेकरं गप्प, हात कधी उठंल सांगता येत नाही, अन तोच माणूस मधेच मायाळू होतो, त्यामुळं त्याचा धड रागसुद्धा करता येत नाही. मग १९९३ ला इन द नेम ऑफ द फादर, त्यात पार उलटं. जुसेप्पे कॉनलन हा खरा माणूस, इंग्लंडातल्या गिल्डफर्डच्या बॉम्बस्फोटानंतर पोराबरोबर निर्दोष असताना जेलात गेला अन १९८० मध्ये कैदेतच वारला, पोराची शिक्षा रद्द झाली १९८९ ला. पिक्चरमध्ये बापलेक एकाच कोठडीत, पोरगा डॅनियल डे-लुईस, तो सारखा चिडतो, ओरडतो, अन हा बाप खोकत खोकत अर्ज अन पत्रं लिहीत बसतो. बाप गेल्यावर रात्री कैदी आपापल्या खिडकीतून कागद पेटवून खाली सोडतात, अंधारात नुसते जळते कागद तरंगत येतात. मला तिथं रडू आवरत नाही, कितीदाही बघू द्या. या कामाला ऑस्करचं नॉमिनेशन मिळालं, मिळायलाच पाहिजे होतं.

ब्रास्ड ऑफमध्ये (१९९६) तो खाणकामगारांच्या बँडचा मास्तर डॅनी, खाण बंद पडायली अन याच्या छातीत कोळशाची धूळ भरलेली. पोरगा कर्जात बुडालाय, बायकोलेकरं सोडून चाललीत अन बापाला फक्त बँड दिसतो. ते शेवटी अल्बर्ट हॉलमधलं भाषण आहे ना, जिंकलेला करंडक नाकारतो ते, ते चांगलंच आहे, पण मला त्याआधीचा हा न बघणारा बाप जास्त खरा वाटतो.

कारण आमच्याकडचे बाप असेच. फोन केला की पाऊस झाला का, सोयाबीनला काय भाव निघाला, अन लगेच "घे, आईशी बोल". माझे वडील तसेच, मित्रांचे पण तसेच, माया कमी नाही पण ती तोंडातून निघत नाही.

म्हणून इन्सेप्शनमधला बाप मला जवळचा वाटतो. पिक्चर २०१० चा. पडद्यावर हा मोजून काही मिनिटं, तेही खाटेवर पडलेला, नीट बोलता न येणारा म्हातारा. पोरगा सांगतो की आई गेली तेव्हा बाप एवढंच म्हणाला होता, रॉबर्ट, यावर बोलण्यासारखं काही नाही. सगळा पिक्चर, ती स्वप्नात स्वप्नं, मारामाऱ्या, बर्फ, सगळं येऊन थांबतं ते या म्हाताऱ्याच्या तोंडाशी, की तू माझ्यासारखा व्हायला बघितलास याचं मला वाईट वाटलं. स्वप्नातलंच बोलणं ते, पण त्याच्या घशातून ज्या कष्टानं शब्द निघतात ते पाहून खोटं कोण म्हणंल.

२ जानेवारी २०११ ला कॅन्सरनं गेला, ६४ व्या वर्षी. त्याआधी २००८ मध्ये त्याच जुन्या एव्हरीमनला परत जाऊन त्यानं शेक्सपिअरचा किंग लिअर केला, ज्या लिअरची सावली आपल्या नटसम्राटवर आहे तोच बाप. तो प्रयोग मला बघायला मिळाला नाही याचं फार वाईट वाटतं.